पहिला थर

चित्रपटवाल्यांची एक जुनी सवय आहे. एखाद्या जागेतलं चित्रीकरण संपलं, की सामान आवरायच्या आधी सगळ्यांनी आहे तिथं एक मिनिट गप्प उभं राहायचं. श्रद्धांजली वगैरे काही नाही. प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते आणि नंतर संवादांमधल्या फटी बुजवायला तीच लागते, म्हणून ती मुद्रित करून ठेवायची, एवढंच. दिवसभर एकमेकांवर खेकसणारी माणसं त्या मिनिटात इतकी गरीब दिसतात, की नवख्याला हसू आवरत नाही.

इचलकरंजीतल्या त्या बंद पडलेल्या मागाच्या शेडमध्ये दुपारी साडेतीनला तेच चाललं होतं. आत अकरा माणसं होती. मधोमध तिकाटण्यावर आठ तोंडांचा माईक आणि त्याला जवळजवळ चिकटून, कानांवर हेडफोन चढवून, एक हात वर धरलेला ध्वनिमुद्रक पारस कुडचे. दोन मागांच्या मधल्या बोळात रावसाहेब भोकरे. वय बहात्तर. अडतीस वर्षं खरोखरचे माग चालवलेले रावसाहेब आयुष्यात पहिल्यांदाच कॅमेऱ्यासमोर आले होते, तेही मागाच्या खडखडाटानं ठार बहिरा झालेल्या विणकराच्या भूमिकेत. दिग्दर्शक अभिनंदन मगदूम अर्धवट बसलेल्या अवस्थेत सापडला होता आणि त्याच्या मांड्या थरथरत होत्या. भिंतीजवळच्या मोडक्या बाकावर वैजयंती आवटी डोळे मिटून बसली होती. ती खास या एका मिनिटासाठी एसटीनं मिरजेहून आली होती.

संगीतकारानं चित्रीकरणाला जायचं खरं तर काही कारण नसतं. पण वैजयंतीचं संगीत गुणगुणता येणाऱ्या जातीचं नव्हतं. ज्या चित्रपटांत गाणी नसतात, नाच नसतात आणि बऱ्याचदा प्रेक्षकही नसतात, अशा चित्रपटांसाठी ती वातावरणाचं संगीत करायची. जागेचाच आवाज घ्यायचा, त्याला ताणायचं, त्यावर तंबोऱ्याचा एखादा सूर ठेवायचा आणि तो दृश्यात असा पसरवायचा की बघणाऱ्याला संगीत चालू आहे हे कळूच नये, फक्त छाती जड व्हावी. या कामात तिचा कान तयार आहे असं सगळे म्हणत. तिलाही ते ऐकायला आवडे.

पारसनं हात खाली घेतला. "झालं. हला आता."

शेडमध्ये एकदम कलकलाट सुरू झाला. पारस केबल गुंडाळत तिच्याजवळ आला. "वैजूताई, माझा ठोका तेवढा काढून टाका हं."

"काढते रे बाबा. दर वेळी काय सांगायचं?"

"दर वेळी सांगायचं. साउंडवाला पिक्चरमध्ये दिसायचा नाही आणि ऐकूही यायचा नाही."

हा त्याचा नियम होता. श्वास, खोकला, घड्याळ, पोटातली गुरगुर, आपलं म्हणून काहीही त्याला चित्रपटात राहू द्यायचं नसे. आता त्यात ठोक्याचीही भर पडली होती, कारण ठोकाही ऐकू येऊ लागला होता. ही करामत 'थरभेदी' या प्रोग्रॅमची. काही वर्षांपूर्वी डोंगरपट्ट्यात मोठा भूकंप झाला, तेव्हा ढिगाऱ्याखाली कोण जिवंत आहे हे शोधायला इंजिनियर लोकांनी तो तयार केला. आठ कानांनी टिपलेल्या एकाच आवाजातून तो प्रत्येक उगम वेगळा करून द्यायचा. पत्र्यावरची कबुतरं एका थरात, दोन गल्ल्या पलीकडच्या ट्रान्सफॉर्मरची घरघर दुसऱ्यात, आणि खोलीतल्या प्रत्येक माणसाचं हृदय आपापल्या थरात. पुढं तो सगळ्यांनाच मिळू लागला. पारसनं त्याचं नाव सालकाढी ठेवलं होतं.

वैजयंतीनं तो दोन वर्षांपूर्वी घेतला, तेव्हा प्रोग्रॅमनं तिला एकच प्रश्न विचारला होता. वापर कशासाठी? खाली तीन चौकटी होत्या: बचाव, संशोधन, संगीत. तिनं अर्थातच तिसरीवर बोट ठेवलं आणि तो प्रश्न ती विसरून गेली.

आजवर ती माणसांचे सगळे थर न ऐकताच काढून टाकायची. कबुतरं, पंखे, पत्रे यांवर तिचं भागत असे. पण या वेळी अभिनंदननं अडवून धरलं होतं. "ताई, माझ्या विणकराला बाहेरचं काही म्हणजे काही ऐकू येत नाही. मग आत काय ऐकू येतं, ते तुम्ही सांगा."

म्हणून मिरजेतल्या आपल्या खोलीत बसून दोन दिवसांनी तिनं माणसांचे थर उघडले. संगीताच्या चौकटीत अंतरं दिसत नाहीत, नावं दिसत नाहीत. प्रोग्रॅम फक्त थर लावून देतो, जो जास्त रंजक तो वर, कंटाळवाणा तो खाली. पहिला थर तिनं लावला आणि हातातला चहाचा कप तसाच खाली ठेवला.

चार ठोके सरळ. पाचवा घाईघाईनं आधीच येऊन पडायचा. मग एक मोकळी जागा, इतकी लांब की ऐकणाऱ्याचा श्वास अडकावा. आणि मग एक जड, खोलातून आल्यासारखा ठोका. कधी मधेच तीन ठोके लागोपाठ, पायऱ्यांवरून वाटी घरंगळत जावी तसे. वैजयंतीचे वडील तबला शिकवायचे. समेला हूल देऊन उशिरानं येणारा हात कसा असतो, हे ती पाळण्यापासून ऐकत आली होती. असा हात तिनं वर्षानुवर्षांत ऐकला नव्हता. तिनं तो थर सलग अकरा वेळा लावला आणि अकराव्यांदा तिचे डोळे भरून आले.

हा रावसाहेबांचाच, असं तिच्या मनानं घेतलं. इतकं मुरलेलं, इतकं आयुष्य खाल्लेलं हृदय दुसऱ्या कुणाचं असणार? बहिऱ्या विणकराच्या आत त्याचाच ठोका, याहून चांगलं ते काय! पारसचाही तिनं शोधून काढला. सगळ्यात खालचा, घड्याळासारखा सरळ चालणारा ठोका तेहतीस वर्षांच्या, रोज सायकल हाणणाऱ्या माणसाचाच असायला हवा होता. शब्द दिल्याप्रमाणे तिनं तो पुसून टाकला.

पुढचे सहा आठवडे ती त्या पहिल्या थरावर काम करत राहिली. मोकळ्या जागेत तंबोऱ्याचा खर्ज यायचा. तीन ठोके घरंगळले, की त्यांच्यामागून मागाच्या लाकडाची कुरकुर. अभिनंदननं पहिल्या दहा मिनिटांचे तुकडे ऐकले आणि पुन्हा एकदा लावायला सांगितले. मग म्हणाला, "ताई, हे तुमचं सगळ्यात चांगलं काम आहे." तिलाही तसंच वाटत होतं.

मधे एकदा पारसचा फोन आला. त्याचा आवाज बसल्यासारखा वाटला.

"काय रे, बरा आहेस ना?"

"हाय की. जरा दमायला होतंय. जिना चढला की थांबावं लागतंय. मागाची धूळ बसली असणार छातीत. आठ दिवस त्या शेडमध्ये होतो न्हवं."

"वाफ घे. हळदीचं दूध पी."

"आई तेच पाजायलीय. बरं, माझं काढलं न्हवं?"

"काढलं. केव्हाच काढलं."

हे बोलताना तिच्या कानावरचा हेडफोन गळ्यात उतरवलेला होता आणि त्यातून पहिला थर बारीक वाजतच होता.

त्या फोननंतर बाराव्या दिवशी जयसिंगपूरच्या बसस्टँडवर, भर सकाळी, पारस पायरीवर बसला तो उठलाच नाही. लोकांनी पाणी मारलं, रिक्षात घातलं, दवाखान्यात नेलं. तिथल्या डॉक्टरांनी कागदावर हृदय बंद पडल्याचं लिहिलं आणि एवढ्या तरुण माणसाचं असं कसं झालं म्हणून ते स्वतःच हळहळले. वैजयंती पारसच्या घरी जाऊन त्याच्या आईच्या जवळ दोन तास बसून आली. बाईंचं नाव शशिकला. नवरा गेल्यावर शिवणकाम करून त्यांनी एकुलत्या एका मुलाला वाढवलं होतं. त्या रडत नव्हत्या. येणाऱ्या प्रत्येकाला एकच सांगत होत्या, की दुपारच्याला येतो म्हणून गेला.

घरी आल्यावर वैजयंतीला काम सुचेना. पण चित्रपट महोत्सवाला पाठवायची तारीख डोक्यावर होती, आणि पारसनंच मुद्रित केलेल्या आवाजांवर काम करण्यात तिला थोडा आधारही वाटत होता. चित्रपट त्याला अर्पण करायचं ठरलं. त्या अर्पणाच्या पाटीखालीही तोच ठोका राहू दे, असं अभिनंदन म्हणाला.

सांगलीत एका छोट्या सभागृहात पंचवीस-तीस ओळखीच्या माणसांना चित्रपट दाखवला. संपल्यावर लोक जागचे उठेनात, म्हणजे जमलं होतं. वैजयंती दाराशी उभी राहून लोकांची दाद घेत होती, तेवढ्यात एक उंच बाई गर्दीतून वाट काढत आल्या. डॉक्टर ज्योत्स्ना खाडे. अभिनंदनच्या मावसबहीण, हृदयाच्या डॉक्टर.

"तो ठोका तुम्ही तयार केलात की कुणाचा खरा आहे?"

"खरा आहे," वैजयंती कौतुकानं म्हणाली. "आमच्या रावसाहेबांचा."

"मग त्यांना उद्या सकाळी माझ्याकडे घेऊन या. उपाशीपोटी. आज जिना चढू देऊ नका." त्यांच्या चेहऱ्यावर कौतुकाचा मागमूस नव्हता. "अवेळी ठोके पुष्कळांना असतात, त्यानं काही होत नाही. पण हे लागोपाठ तीन-तीन येतायत, आणि मधे तो ओढल्यासारखा जादाचा आवाज आहे. नुसत्या आवाजावरून मी छातीठोक सांगणार नाही. पण माझे कान सांगतायत ते मला आवडलेलं नाही."

दुसऱ्या दिवशी रावसाहेबांना तपासण्यांच्या यंत्रांवर चढवलं गेलं. आलेख झाला, सोनोग्राफी झाली, पट्ट्यावर चालवून झालं. डॉक्टरीणबाई बाहेर आल्या आणि म्हणाल्या, "यांचं हृदय तुमच्या-माझ्यापेक्षा चांगलं आहे. त्याच्यावर घड्याळ लावून घ्या. तुमची कुठंतरी चूक होतेय."

रावसाहेब शर्टाची बटणं लावत हसले. "मी म्हणालो होतो की, मला काय झालंय! मग ते वाजत होतं कुणाचं?"

 घड्याळासारखा सरळ ठोका वैजयंतीनं पारसचा समजून पुसला होता.

मिरजेला परतल्यावर तिनं थरभेदीच्या सेटिंगमध्ये जाऊन तो जुना प्रश्न शोधून काढला. वापर कशासाठी? तिनं संगीतावरची खूण काढली आणि बचाववर लावली. पडद्यावरचे थर क्षणभर नाहीसे झाले आणि पुन्हा उमटले, तेव्हा सगळं बदललेलं होतं. पहिला थर लाल झाला होता. समोर लिहिलं होतं: माईकपासून अंतर साठ सेंटिमीटर. प्रौढ. उभा. हृदयगती धोकादायक, तातडीनं मदत पोहोचवा.

साठ सेंटिमीटरवर एकच माणूस उभा असतो.

त्याच्याखाली आणखी ओळी होत्या. सरळ, हिरव्या ओळींमधे एक वेगळ्या रंगाची दिसली, की दिसल्यासारखी वाटली. वैजयंतीनं संगणक बंद केला. नुसता पडदा नव्हे, भिंतीतलं बटणच बंद केलं आणि ती जमिनीवर बसून राहिली. त्या क्षणी तिला स्वतःची किळस आली. माणूस आत बुडत होता आणि ती त्याच्या बुडबुड्यांवर दाद देत बसली होती. तोच प्रोग्रॅम, तेच मिनिट. दोन वर्षांपूर्वी बोट एक इंच वर पडलं असतं तर त्याच दिवशी लाल अक्षरं समोर आली असती. डॉक्टरीणबाईंना तिनं फोनवर विचारलं, वेळेत कळलं असतं तर? त्यांनी आढेवेढे घेतले नाहीत. छातीत एक छोटं यंत्र बसवतात, म्हणाल्या, हृदय भरकटलं की ते त्याला जागेवर आणतं. अशी माणसं दहा-दहा वर्षं माझ्याकडे येतायत, लग्नं करतायत, भांडतायत.

अभिनंदनला तिनं सगळं सांगितलं. तो हळवा माणूस. त्यानं दोन दिवस विचार केला आणि नेमकं अर्धंच जाऊन शशिकलाबाईंना सांगितलं. पिक्चरमध्ये पारसचा ठोका आहे, मावशी. कायमचा राहणार आहे. बाईंनी लगेच विचारलं, कुठं ऐकायला मिळंल?

"ताई, त्या उद्या तुमच्याकडे येतायत," तो फोनवर म्हणाला. "पाया पडतो, बाकीचं बोलू नका. काय मिळणार आहे सांगून? एवढं एकच राहिलंय त्यांच्याकडे."

वैजयंतीला ते पटलं. पटायलाच हवं होतं, त्यात तिचीही सुटका होती.

शशिकलाबाई सकाळी अकराच्या एसटीनं आल्या. इस्त्रीची फिकट साडी, हातात कापडी पिशवी. "जय जिनेंद्र. मी पारसची आई," त्या दारातूनच म्हणाल्या, जणू ओळख सांगायला लागणार होती. पिशवीतून त्यांनी पेरू काढून टेबलावर ठेवले. रिकाम्या हातानं कसं यायचं, म्हणाल्या.

"काकू, बसा. पाणी आणते."

"पाणी नको. आधी ऐकव."

वैजयंतीनं त्यांच्या कानांवर हेडफोन बसवला. तो त्यांच्या डोक्याला मोठा होत होता, म्हणून त्यांनी दोन्ही हातांनी धरून ठेवला. तंबोरा, लाकूड, सगळं काढून तिनं नुसता पहिला थर लावला. बाईंचे डोळे मिटले. ओठ हलायला लागले, बहुतेक त्या मोजत होत्या. मग हळूहळू त्यांचा चेहरा असा सैल झाला, की वैजयंतीला त्याच्याकडे बघवेना. पोटात असताना पहिल्यांदा डॉक्टरांनी ऐकवलं होतं, त्या पुटपुटल्या, तेव्हा लई जोरात पळत होतं.

मिनिट संपलं. त्यांनी पुन्हा लाव म्हणून खूण केली. पाच वेळा ऐकून झाल्यावर त्यांनी हेडफोन काढून मांडीवर ठेवला.

"कधीचं हे?"

"शूटिंगच्या शेवटच्या दिवसाचं. शेडमधलं. जानेवारीतलं."

"म्हणजे जायच्या आधी दीड महिना." त्यांनी डोळे पुसले. "तेव्हा बरा होता न्हवं गं माझा पारस?"

हो म्हणायला काही लागत नव्हतं. मान हलवली असती तरी पुरलं असतं. वैजयंतीनं मान हलवायला घेतलीही. पण त्या बाईंच्या मांडीवर हेडफोन होता आणि त्या तो ठोका रोज मागणार होत्या, घरी नेऊन ऐकणार होत्या, शेजारणीला ऐकवणार होत्या. बघा, किती छान चाललं होतं म्हणून. ते तिच्यानं सहन होणार नव्हतं.

"नाही काकू," ती म्हणाली. "बरा नव्हता."

मग तिनं सगळं सांगितलं. काही सावरलं नाही, काही गाळलं नाही. पहिला थर वर का आला, तो तिला का आवडला, पुसला कुणाचा, वाफ घे असं ती कुणाला म्हणाली. एक्केचाळीस दिवस तो जिवंत होता आणि हा आवाज तिच्या कानात होता.  आता बाई ओरडतील, मारतील, निघून जातील, यातलं काहीही झालं असतं तरी तिला बरंच वाटलं असतं.

शशिकलाबाई हलल्या नाहीत.  त्यांनी मांडीवरच्या हेडफोनची वायर बोटांना गुंडाळली, सोडली, पुन्हा गुंडाळली.

"एक्केचाळीस दिवस," त्या म्हणाल्या.

"हो."

"तुझा कान लई चांगला, असं तो सांगायचा."

 रडू आवरायला वैजयंतीनं तोंडावर हात धरला. बाईंनी तिला उगी केलं नाही, दोषही दिला नाही. त्या टेबलावरच्या काळ्या पडद्याकडे बघत राहिल्या. आयुष्यभर दुसऱ्यांच्या कपड्यांची मापं घेतलेल्या त्या नजरेत आता दुःखाबरोबर आणखी काहीतरी दिसत होतं.

"हे यंत्र सगळ्यांचं सांगतंय म्हणालीस न्हवं? जे जे होते त्यांचं?"

"हो."

"किती जण होता तुम्ही आत?"

"अकरा."

"पारस एक. त्या म्हाताऱ्या रावसाहेबांना दाखवून आणलंस, म्हणजे दोन." त्यांनी हेडफोन उचलला आणि तिच्यापुढे धरला. "आणि बाकीची नऊ? त्यातलीच तू पण एक. चार दिवस झाले तुला कळून. त्यांचं ऐकलंस का गं?"